वाएआ डोंगर कुणाचा?

सामोआतलं उपोलू बेट नकाशावर शोधायला मला भिंग घ्यावं लागलं. आपिया ही तिथली राजधानी आणि तिच्या पाठीशी वाएआ नावाचा डोंगर. उंची जेमतेम ४७२ मीटर. आपल्या सत्तरीतला सोसोगड त्याच्या दुपटीहून उंच आहे, पण त्याला विचारतो कोण! वाएआ मात्र जगाला ठाऊक, कारण त्याच्या माथ्यावर ‘ट्रेझर आयलंड’वाल्या रॉबर्ट लुई स्टीव्हन्सनची कबर आहे. प्रवासवर्णनांतून तो ‘स्टीव्हन्सनचा डोंगर’ होऊनच भेटतो. मला हे काही पटत नाही.

हा लेखक येण्याच्या कितीतरी आधी डोंगराला स्वतःची कथा होती. वाएआ हा पुरुष, फिजीची आपाउला ही त्याची प्रिया. तिची वाट बघता बघता तो डोंगर झाला, आणि जवळच्या पाण्याला लोक आपाउलाचे अश्रू म्हणतात.

स्टीव्हन्सन १८९० साली पायथ्याशी वायलिमा इथे घर करून राहिला. प्रकृती तोळामासा. पण हा गृहस्थ तिथली भाषा शिकला. ‘द बॉटल इम्प’ ही त्याची कथा १८९१ मध्ये सामोअन भाषेत मिशनच्या मासिकात छापून आली. लोक त्याला तुसीताला म्हणत, म्हणजे कथा लिहिणारा. १८९३ च्या यादवीत माताआफाचा पक्ष हरला, त्याचे सरदार आपियाच्या तुरुंगात पडले, तेव्हा स्टीव्हन्सन त्यांना अन्न पोचवत राहिला. १८९४ मध्ये सुटल्यावर त्या सरदारांनी काय करावं? त्याच्या घरापर्यंत आपण होऊन रस्ता बांधून दिला. मजुरी नाही, निविदा नाही, अंदाजपत्रकही नाही! जन्म फायलींत गेलेल्या माझ्यासारख्याला तर हे परीकथेसारखंच वाटतं. रस्त्याचं नाव त्यांनी ठेवलं, प्रेमळ मनाचा रस्ता.

त्यानंतर थोड्याच आठवड्यांत, ३ डिसेंबर १८९४ रोजी, तो गेला. वय ४४, म्हणजे साधारण माझंच. डोंगरमाथ्यावर पुरावं ही त्याची इच्छा, पण वर जायला वाट कुठे होती? सामोअन लोकांनी रातोरात रान तोडून वाट काढली आणि दुसऱ्या दिवशी त्याला खांद्यावरून वर नेलं.

त्यांतल्या कितीजणांनी ‘ट्रेझर आयलंड’ वाचलं असेल? मला वाटतं, फार थोड्यांनी. त्यांनी मान दिला तो इंग्रजीतल्या थोर साहित्यिकाला नव्हे, अडचणीत आपल्या बाजूने उभ्या राहिलेल्या माणसाला. कबरीच्या एका बाजूला त्याची इंग्रजी कविता आहे. दुसऱ्या बाजूला सामोअन भाषेत बायबलातलं रूथचं वचन आहे, ती परक्यांना आपलं म्हणते ते. मी पाहिलेल्या बहुतेक फोटोंत इंग्रजी बाजूच दिसते. कुठली भाषा कुणाची, हा वाद जन्मभर ऐकलेल्या गोंयकाराला ती दुसरी बाजू जास्त बोलकी वाटली तर नवल नाही.

पुढे सामोआवर जर्मन आले, मग न्यूझीलंड आलं. १ जानेवारी १९६२ रोजी देश स्वतंत्र झाला, आपल्या मुक्तीनंतर अवघ्या तेरा दिवसांनी. वायलिमाच्या घरात आता स्टीव्हन्सनचं संग्रहालय आहे, ते असू दे. पण डोंगराच्या पायथ्याशी पाटी लावायचं काम माझ्याकडे आलं, तर मी आधी वाएआ-आपाउलाची कथा लिहीन, मग एका रात्रीत वाट तोडणाऱ्यांची. स्टीव्हन्सनचं नाव त्यांच्या खाली.