बोर्तेला घोडा उरला नाही

गेल्या महिन्यात सासरच्या घराण्याचा कुलवृत्तांत टपालाने घरी आला. चांगलं जाडजूड पुस्तक. मंडळींनी गावोगाव फिरून, पत्रं धाडून, जुन्या वह्या चाळून माहिती जमवलेली. कष्टाचं काम, त्यात शंकाच नाही. हातातलं काम बाजूला ठेवून मी आमचं पान काढलं. आजेसासरे, सासरे, दीर, आमचे हे… सगळे आपापल्या रेघेला लटकलेले. नणंदेचं नाव मात्र कुठे दिसेना. चष्मा लावून पाहिलं, तर खाली बारीक अक्षरांत छापलं होतं, ‘कन्या १, विवाहित’. संपलं!

योगायोग असा की त्याच रात्री तिच्याच मुलाचा फोन आला. तो परदेशात असतो. तिथे नळीत थुंकी भरून पाठवली की आपले पूर्वज कुठले ते कळतं म्हणे. त्याच्या बरोबरीच्या मुलांमध्ये तेव्हा तीच चर्चा चालली होती. “अगं मामी, जगातल्या दर दोनशे पुरुषांमागे एक जण चंगीझखानाचा वंशज आहे, माहितीये?”

“आणि दर दोनशे बायकांमागे?” मी सहज विचारलं.

तो क्षणभर थांबला. “बायकांचं त्यात मोजतच नाहीत गं.”

घरातलं पुस्तक आणि परदेशातली प्रयोगशाळा, दोन्हीकडे तोच हिशेब! मग मात्र मला राहवेना. हे चंगीझखानाचं प्रकरण आहे तरी काय, म्हणून मिळेल ते वाचून काढलं. मैत्रिणींनो, त्यात जे सापडलं ते तुम्हाला सांगावंसं वाटतं.

आधी शास्त्राचं बघू. २००३ साली ‘अमेरिकन जर्नल ऑफ ह्यूमन जेनेटिक्स’ या नियतकालिकात एक संशोधन छापून आलं. आशियातल्या दोन हजारांहून जास्त पुरुषांचे नमुने तपासले होते. पॅसिफिक महासागरापासून कॅस्पियन समुद्रापर्यंतच्या पट्ट्यात सुमारे आठ टक्के पुरुषांचं ‘वाय’ गुणसूत्र जवळजवळ एकसारखं निघालं. म्हणजे सगळे मिळून दीड कोटीच्या वर पुरुष! या सगळ्यांचा मूळपुरुष सुमारे हजार वर्षांपूर्वी मंगोलियात होऊन गेला असावा, असा हिशेब निघाला. एवढ्या थोड्या काळात एका माणसाचा वंश इतका पसरतो म्हणजे त्यामागे मोठी सत्ता असणार. अशी सत्ता कुणाची? चंगीझखानाची आणि त्याच्या मुला-नातवांची. म्हणून त्याचं नाव पुढे आलं आणि जगभर गाजलं.

आता हे वाय गुणसूत्र काय, ते आपल्या भाषेत सांगते. आपल्या प्रत्येक पेशीत गुणसूत्रांच्या तेवीस जोड्या असतात. त्यातली शेवटची जोडी बाईची ‘एक्स-एक्स’ आणि पुरुषाची ‘एक्स-वाय’. हा वाय फक्त बापाकडून मुलाला मिळतो. (म्हणूनच मुलगा होणार की मुलगी, हे बापाच्या बाजूने ठरतं. तरीही मुलगी झाली की बोल मात्र सुनेला!) हा धागा बापाकडून मुलाला, त्याच्या मुलाला, असा सरळ खाली येतो. मध्ये कुठे मुलगी आली, की तुटला. आमच्या कुलवृत्तांतासारखाच!

आणि त्या दीड कोटी पुरुषांच्या आया? त्यांची नोंद या धाग्यात नाही. पण तेराव्या शतकात कुणीतरी त्यांची कथा लिहून ठेवली आहे. ‘मंगोलांचा गुप्त इतिहास’ असं त्या ग्रंथाचं नाव. लिहिणाऱ्याचं नाव ठाऊक नाही. पण त्यातल्या बायका अजून जिवंत वाटतात.

पहिली होएलुन, चंगीझखानाची आई. मर्किट टोळीतल्या चिलेदू नावाच्या तरुणाशी तिचं नुकतंच लग्न झालेलं. ती गाडीतून सासरी निघालेली असताना येसुगेई नावाच्या सरदाराने तिला वाटेतच पळवलं. नवऱ्याचा जीव वाचावा म्हणून तिने त्याला पळून जायला सांगितलं आणि आठवण म्हणून अंगातला सदरा काढून त्याच्या हाती दिला. पुढे येसुगेईपासून तिला तेमूजिन झाला. हाच पुढचा चंगीझखान. येसुगेईला शत्रूंनी विष घालून मारलं, तेव्हा सगळी टोळी या विधवेला आणि तिच्या पोरांना माळावर टाकून निघून गेली. होएलुनने रानफळं वेचून, काठीने कंदमुळं उकरून मुलं जगवली. जगज्जेत्याचं बालपण असं आईच्या ओटीतल्या रानफळांवर गेलं.

दुसरी बोर्ते, चंगीझखानाची पहिली बायको. लग्नाला थोडेच दिवस झाले होते. होएलुनला पळवल्याचा सूड म्हणून मर्किट टोळीने पहाटे छापा घातला. पळायला घोडे नऊ. आठ जण आठ घोड्यांवर बसले. होएलुनने धाकट्या लेकीला आपल्या पुढ्यात घेतलं. नववा घोडा तेमूजिनने जादा म्हणून बरोबर घेतला. आणि बोर्तेला घोडा उरला नाही! हे वाक्य वाचून मी पुस्तक मिटून नुसतीच बसले. जादा घोड्याला माणूस नव्हतं आणि घरच्या सुनेला घोडा नव्हता. एका म्हाताऱ्या दासीने तिला बैलगाडीत लपवून न्यायचा प्रयत्न केला, पण वाटेत गाडीचा आस मोडला आणि बोर्ते सापडली. मर्किटांनी तिला त्याच चिलेदूच्या धाकट्या भावाच्या हवाली केलं. पुरुषांचा हिशेब फिटला, भोगलं मात्र दोघी सासवा-सुनांनी.

पुढे तेमूजिनने मित्रांची फौज जमवून तिला सोडवून आणलं. त्यानंतर लवकरच बोर्तेला मुलगा झाला. जोची. तो कुणाचा? खुद्द बोर्तेला तरी खात्रीने सांगता आलं असतं का, कोण जाणे. पण चंगीझखानाने त्याला आपला थोरला मुलगा मानलं आणि बोर्तेचा पट्टराणीचा मानही कधी कमी केला नाही. त्याला आणखी बायका होत्या, त्यांनाही मुलं होती. पण वारस म्हणून मोजले गेले ते बोर्तेचेच चौघे, जोची, चगताई, ओगेदेई आणि तोलुई.

लोकांची कुजबुज मात्र थांबली नाही. १२१९च्या सुमाराला मोठ्या स्वारीवर निघण्याआधी वारसाचा प्रश्न निघाला, तेव्हा सख्ख्या भावाने, चगताईने, भर सभेत जोचीला मर्किटाची अवलाद म्हटलं. दोघं एकमेकांच्या गळपट्टीला धरायला उठले. तेव्हा एका वडीलधाऱ्याने चगताईला आईच्या हालांची आठवण करून दिली. आणि बापाने बजावलं, की जोचीबद्दल असं बोलायचं नाही, तो माझा थोरला मुलगा आहे. शेवटी मधला मार्ग म्हणून तिसरा भाऊ ओगेदेई वारस ठरला.

आता गंमत बघा. ज्याच्या नावाने आज जगभर गुणसूत्रं मोजली गेली, त्याने स्वतःच्या थोरल्या मुलाच्या बाबतीत रक्ताचा हिशेब बाजूला ठेवला होता! तो काही संत नव्हता. त्याच्या स्वाऱ्यांत शहरंच्या शहरं बेचिराख झाली, बायका लुटीच्या मालासारख्या वाटल्या गेल्या. ‘दीड कोटी वंशज’ हा आकडा ऐकून तोंडात बोट घालण्याआधी, यातल्या किती जणींना कुणी विचारलं होतं, हा प्रश्न आपण तरी विचारायला हवा. तो आकडा अभिमानाने मिरवण्यासारखा नाही.

आणि मुळात तो आकडा त्याचाच, याला तरी पुरावा काय? चंगीझखान १२२७ साली गेला, त्याची कबर आजतागायत सापडलेली नाही. म्हणजे ताडून पाहायला त्याचा स्वतःचा नमुनाच नाही. सगळं अनुमानावर. २०१८ साली दुसऱ्या संशोधकांनी हेच गुणसूत्र आणखी बारकाईने, संपूर्ण वाचून पाहिलं. त्यांचा निष्कर्ष असा, की हा धागा चंगीझखानाच्या कितीतरी आधीचा आहे आणि तो सर्वसामान्य मंगोल लोकांकडून आलेला आहे. राजाचा म्हणून मिरवलेला वंश गुराख्या-मेंढपाळांचा निघाला! पण २००३ची बातमी जेवढी गाजली, तेवढी ही गाजली नाही.

वाय गुणसूत्राला मुळीच न दिसणारी एक वाट तर थेट आपल्या महाराष्ट्रात येते. हिंदुस्थानात मोगल साम्राज्य स्थापणारा बाबर बापाकडून तैमूरचा वंशज, पण आईकडून, कुतलुग निगार खानमकडून, चंगीझखानाचा मुलगा चगताई याच्या घराण्यातला. ‘मोगल’ हा शब्दच मुळी ‘मंगोल’वरून आलेला. स्वतः तैमूरने चंगीझच्या कुळातली मुलगी केली आणि ‘गुरकान’ म्हणजे ‘जावई’ ही पदवी अभिमानाने लावली. एवढा मोठा बादशहा, पण मिरवला सासरवाडीच्या नावावर! वेरूळजवळ खुलताबादला ज्याची कबर आहे तो औरंगजेब याच वंशातला. पण या घराण्याचं चंगीझखानाशी असलेलं नातं वाय गुणसूत्रात कधीच सापडणार नाही. कारण ते लेकींच्या वाटेने आलेलं आहे.

अशीच एक सोरघाघतानी. चंगीझखानाची धाकटी सून, तोलुईची बायको. नवरा गेल्यावर दीर ओगेदेईने तिचं लग्न आपल्या मुलाशी लावायचं सुचवलं. मला माझी मुलं वाढवायची आहेत, असं सांगून तिने ते टाळलं. तिचा एक मुलगा मोंगके १२५१ साली सर्व मंगोलांचा खान झाला, कुबलाईने चीनवर राज्य केलं, हुलागूने १२५८ साली बगदाद घेतलं. ही सगळी सत्ता तिच्या मांडीवर वाढली. वाय गुणसूत्र तिच्याबद्दल चकार शब्द बोलत नाही.

आईचा धागा शास्त्राला सापडत नाही असं मात्र नाही हं. आपल्या पेशींमध्ये तंतुकणिका नावाचे अगदी सूक्ष्म भाग असतात. त्यांचा डीएनए मुलग्याला काय नि मुलीला काय, आईकडूनच मिळतो, आणि पुढे नेते ती फक्त मुलगी. तुमच्या शरीरात तुमच्या आईची आई, तिची आई, तिचीही आई, सगळ्यांची ही खूण आहे. फक्त तिच्या नावाने बातम्या होत नाहीत.

आणि हे दोन्ही धागे तरी किती बारीक! जरा हिशेब करून पाहा. आईवडील दोन, आजी-आजोबा चार, पणजी-पणजोबा आठ. दहा पिढ्या मागे गेलं की हा आकडा १,०२४ होतो. चंगीझखानापर्यंतच्या साधारण तीस पिढ्या धरल्या तर शंभर कोटींच्या वर जातो. त्या काळी जगात तेवढी माणसंच नव्हती, त्याच्या निम्मीही नव्हती! म्हणजे तेच ते पूर्वज आपल्या सगळ्यांच्या वाट्याला पुन्हा पुन्हा आलेले आहेत. राजाही आलाय, त्याचा मोतद्दारही आलाय. इतक्या मागच्या एखाद्या पूर्वजाचा डीएनए आपल्यात एक कणभरही उरलेला नसेल, असंही होतं. मग कुळाची शेखी मिरवायची ती कशाच्या जोरावर?

खुद्द मंगोलियाचा किस्सा तर फारच बोलका आहे. तिथल्या कम्युनिस्ट राजवटीत कुळांची नावं लावायला बंदी झाली. सत्तरेक वर्षांत बरेच लोक आपलं कूळ विसरूनही गेले. १९९०च्या दशकात सरकारने पुन्हा कुळाचं नाव लावायला सांगितलं, तेव्हा असंख्य लोकांनी बोर्जिगिन, म्हणजे चंगीझखानाचं कूळ, निवडलं. राजाचं आडनाव फुकट मिळतंय तर का सोडा! १९८१ साली अंतराळात जाऊन आलेल्या गुर्रागचा यांनी मात्र कुळाचं नाव घेतलं ‘सान्सार’, म्हणजे अंतराळ. मला हे फार आवडलं. पूर्वजांच्या पराक्रमावर न जगता त्यांनी आपल्या कामावरून नाव घेतलं.

आपल्याकडेही एक चांगली गोष्ट घडली आहे. १ मे २०२४ किंवा त्यानंतर जन्मलेल्या मुलांच्या सरकारी कागदपत्रांवर आधी मुलाचं नाव, मग आईचं, मग वडिलांचं आणि मग आडनाव, असा क्रम महाराष्ट्र सरकारने ठरवला आहे. कागदावर का होईना, आईला घोडा मिळाला! आता घराघरांत तो मिळायला हवा. नवे कुलवृत्तांत काढणारी काही मंडळी लेकी-सुनांची नावं आवर्जून घालतात. ज्यांच्याकडे अजून ‘कन्या १’ छापलं जातं, त्यांना पत्र लिहून विचारायला काय हरकत आहे? मी तर लिहिलंय. उत्तराची वाट बघतेय.

तोवर एक करा. दुपारी जरा निवांत झालात की कागद-पेन घ्या. वर स्वतःचं नाव लिहा. खाली आईचं. तिच्या खाली तिच्या आईचं, लग्नाआधीचं आणि लग्नानंतरचं, दोन्ही. मग तिच्या आईचं… जिथे अडाल तिथे घरातल्या, माहेरच्या कुणा म्हातारीला विचारा. ती आहे तोवरच विचारा. मी तिसऱ्या नावाशी अडले. माझ्या आजीच्या आईचं नाव मला ठाऊक नाही. तिची खूण माझ्या पेशीपेशीत आहे, आणि तिला हाक काय मारायचे, ते मला माहीत नाही.

उद्या मावशीला फोन करणार आहे.