जोडी एक, मुली दोन

१७ नोव्हेंबर २०२५ ला जर्मनीत ॲलिस आणि एलन केसलर या जुळ्या बहिणी एकाच दिवशी गेल्या. वय ८९. तिथल्या कायद्याच्या चौकटीत दोघींनी मिळून हा निर्णय घेतला, म्हणून बातमी जगभर गाजली.

मैत्रिणींनो, आपल्याला ही नावं नवीन. पण १९६० च्या दशकात इटलीच्या सरकारी टीव्हीवर ‘स्टुडिओ उनो’ या कार्यक्रमात त्या नाचायच्या, गायच्या. सारखी उंची, सारखे केस, सारखे कपडे आणि एका तालात उचललेले पाय! लोक वेडे व्हायचे. पाय उघडे दिसू नयेत म्हणून टीव्हीवाल्यांनी त्यांना जाड काळे मोजे घालायला लावले. म्हणजे बघायचं तर होतंच, पण झाकून!

वाशिमहून हे सगळं फार लांबचं वाटतं. पण शाळेच्या गॅदरिंगला सारखे फ्रॉक घातलेल्या जुळ्या पोरी स्टेजवर आल्या की आपल्याकडं तरी काय होतं? ‘यातली कोण कोणती?’ म्हणत हशा, टाळ्या. मीही टाळ्या वाजवते. आता त्याच नाचाचं रील होतं आणि मोबाईलवर गावभर फिरतं.

माझी काळजी वेगळीच आहे. एकटी नाचणारी मुलगी कंटाळली तर नाच सोडून देते. जुळ्यांतली एक कंटाळली तर जोडीच मोडते. मग ‘बहिणीसाठी कर ना गं’ म्हणून तिला समजावतात. तिचं ‘नको’ कुणाच्या कानावरच जात नाही.

२०१७ च्या केंद्राच्या नियमांनुसार सिनेमा-टीव्हीत चौदा वर्षांखालच्या मुलांकडून दिवसाला पाच तासांपेक्षा जास्त काम घेता येत नाही. तीन तासांनंतर विश्रांती द्यावीच लागते. मुलाच्या मर्जीविरुद्ध काम नाही. कमाईतली किमान २० टक्के रक्कम मुलाच्या नावानं राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेवीत ठेवायची. ‘जोडी’च्या नावानं नव्हे, प्रत्येकीच्या नावानं! पण घरात आईबाबाच मोबाईल धरून उभे असले, तर हे तास मोजणार कोण?

ते आपणच मोजायचे. पुढचा नाच बसवायच्या आधी दोघींना वेगवेगळं बसवून विचारा. एकीचं ‘हो’ दुसरीच्या गळ्यात बांधू नका.