दगडावरचे नाव

भंडारा जिल्ह्यातील पवनी येथे १९६९-७० साली नागपूर विद्यापीठ व भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षण यांनी उत्खनन केले आणि जगन्नाथ टेकडीत दडलेला बौद्ध स्तूप उजेडात आला. इसवी सनापूर्वीच्या त्या स्तूपाच्या दगडी कठड्यावर ब्राह्मी लिपीत दात्यांची नावे कोरलेली आढळली. दगडावर नाव ठेवण्याची ती हौस आजही सरलेली नाही. महाराष्ट्रातील एखाद्या जुन्या किल्ल्याची भिंत पाहावी. खिळ्याने खरवडलेली नावे, बदाम आणि तारखा यांची तेथे दाटी असते. फरक एवढाच, की पूर्वीच्या माणसाने दगड दिला होता. आजचा केवळ ओरखडा देतो.

असे का व्हावे? 'संस्कारांचा अभाव' हे उत्तर सोयीचे आहे, पुरेसे नाही. इंग्लंडमधील कारागिरांनी १८११ नंतर यंत्रे फोडली, तेव्हा त्यांस आपला रोजगार वाचवावयाचा होता. एसटीच्या उभ्या गाडीची काच फोडणाऱ्या पोरास काय मिळते? पैसा नाही, बहुधा सूडही नाही. मिळतो तो खळकन झालेला आवाज. आपल्या हातून काही घडले याचा क्षणिक पुरावा. तो क्षण विरतो, म्हणूनच दुसरा दगड उचलला जातो.

श्रमिकाने निर्माण केलेली वस्तूच त्याला परकी होते, असे मार्क्सने १८४४ च्या हस्तलिखितांत मांडले. हजारी दराने दिवसभर विडी वळणाऱ्या हातांना हे समजावून सांगावे लागत नाही. त्यांच्या पदवीधर मुलास तर पुष्कळदा कामच नसते. ज्या गावाच्या घडणीत आपला हात नाही, ते गाव आपले कसे वाटावे?

अर्थात, कारण समजले म्हणजे कृत्य क्षम्य ठरत नाही. फुटलेल्या काचेचा भार अखेर गरीब प्रवाशावरच पडतो आणि खरवडलेले शिल्प पुन्हा घडत नाही. राष्ट्रीय महत्त्वाच्या स्मारकाची नासधूस करणाऱ्यास २०१० च्या दुरुस्तीनुसार दोन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाख रुपयांपर्यंत दंड, वा दोन्ही शिक्षा होऊ शकतात. परंतु कायदा हात अडवितो. त्याला काम देत नाही.

ते काम समाजाने द्यावे. पवनीच्या शिक्षकांनी विद्यार्थ्यांस टेकडीवर नेऊन त्या दात्यांची नावे वाचावयास शिकवावे. स्थळाची देखभाल आणि पाहुण्यांस माहिती देणे ही कामे गावातील तरुणांस रीतसर मोबदल्याने मिळावीत. वास्तूत वाटा मिळालेल्या माणसास तिच्यावर खिळ्याने नाव लिहिण्याची गरज सहसा भासत नाही.