सुरत न सोडलेला दिग्दर्शक

आज ५ नोव्हेंबर, मराठी रंगभूमी दिन. १८४३ साली सांगलीत विष्णुदास भाव्यांनी चिंतामणराव पटवर्धनांच्या आश्रयाने ‘सीतास्वयंवर’ उभे केले, त्याची ही आठवण. सांगलीत भाव्यांच्या नावाचे गौरवपदक दिले जाईल, गावोगावच्या नाट्यगृहांत नटराजपूजन होईल. अशा दिवशी आम्हाला एका गुजराती दिग्दर्शकाविषयी लिहावेसे वाटते. ते म्हणजे सुरतेचे यझदी करंजिया.

मराठी दिनाला हे औचित्य कसले, असे कोणी विचारील. १८५३ साली भाव्यांची मंडळी मुंबईला गेली आणि ग्रँट रोडच्या नाटकघरात त्यांचे खेळ झाले. त्याच वर्षी, त्याच नाटकघरात पारशी नाटक मंडळीने रुस्तुम-सोहराबची कथा गुजरातीतून रंगवली. मराठी खेळांना होणारी गर्दी पारशी तरुणांनी पाहिली होती. दोन भाषांची रंगभूमी एका रंगमंचावरून चालू लागली, हा आपला सामायिक इतिहास आहे आणि आपण तो फार क्वचित सांगतो.

त्या पारशी परंपरेचा धागा करंजियांनी सुरतेत धरून ठेवला. २०२० साली त्यांना पद्मश्री जाहीर झाली, तेव्हा सहा दशकांच्या आसपासची नाटकाची चाकरी मागे होती. नाव कमवायचे तर मुंबई गाठायची, हा गुजराती नटांचाही शिरस्ता. सुरतेतच जन्मलेले संजीवकुमार मुंबईच्या रंगभूमीवरून पडद्यावर गेले. करंजिया सुरतेतच राहिले, घरच्या माणसांना घेऊन मंडळी उभी केली, पारशी बोलीतली हसवणारी नाटके केली आणि कितीतरी प्रयोग मदतनिधीसाठी लावले.

प्रहसन म्हणजे सोपे काम, असे गंभीर नाटकवाल्यांना वाटत आले आहे. आम्हाला ते मान्य नाही. वाक्य पडते, प्रेक्षागृहात हशा उसळतो. त्या हशात पुढचे वाक्य बुडता कामा नये आणि तो ओसरेपर्यंत नट नुसता ताटकळलेलाही दिसता कामा नये. हशा उतरू लागला की नेमक्या क्षणी पुढचा शब्द यायला हवा. क्षणभर उशीर झाला तरी खेळ थंड पडतो. हे कोणत्याही संहितेत लिहिलेले नसते. दिग्दर्शक ते तालमीत घोटून घेतो. करंजियांपुढे त्यात आणखी एक अडचण होती. २०११च्या जनगणनेत देशभरात पारशी उरले होते अवघे ५७,२६४. एवढ्याशा समाजाच्या बोलीत नाटक करायचे, तर ते इतरांनाही आपले वाटले पाहिजे. बोली पातळ न करता सुरतेच्या पारशीतर माणसांनाही तिच्यात हसते ठेवणे, ही त्यांची खरी कमाई आम्ही मानतो.

असे आपल्या मुलखात पाय रोवून राहिलेले रंगकर्मी आपल्याकडेही आहेत. झाडीपट्टीचे परशुराम खुणे यांना २०२३ साली पद्मश्री मिळाली. गडचिरोलीकडच्या गावांत रात्र रात्र चालणाऱ्या नाटकांवर त्यांनी हयात घालवली. पुण्या-मुंबईच्या समीक्षेने त्यांची दखल किती घेतली, हे प्रत्येकाने स्वतःशी तपासावे.

सन्मान माणसाचा होतो. त्याच्या गावातल्या नाट्यगृहाकडे मात्र लक्ष जात नाही. सुरतेच्या महापालिकेने वर्षानुवर्षे त्रिअंकी नाट्यस्पर्धा चालवली, हे तिचे मोठेपण. गुजराती नाटकाला नवे वळण देणारे चंद्रवदन मेहता १९०१ साली जन्मले तेही याच शहरात. पण शहरातल्या नानपुऱ्यातल्या गांधी स्मृती भवन या नाट्यगृहाच्या जागी नवे उभारण्याचे काम रेंगाळले, तेव्हा तिथल्या कलावंतांना जाहीरपणे आवाज उठवावा लागला. महाराष्ट्रातल्या तालुक्या-जिल्ह्याच्या नाट्यगृहांची रड वेगळी नाही. गळके छप्पर, बंद पडलेली वातानुकूलन यंत्रणा, मेकअपच्या खोलीत पाणी नाही, आणि भाडे मात्र लग्नसमारंभाला परवडेल असे. मोठ्या शहरातून दौऱ्यावर आलेली मंडळी एका रात्रीत निघून जाते. गावातल्या दिग्दर्शकाला तिथेच तालीम करायची असते, तिथेच वर्षभर टिकायचे असते.

सुरतेच्या उधना-लिंबायत भागात खानदेशातून गेलेल्या कष्टकरी कुटुंबांची मोठी वस्ती आहे. तापीकाठची ही माणसे यंत्रमागांवर राबतात, त्यांची मुले तिथेच वाढतात. भुसावळहून सुटणारी गाडी नवापूरच्या स्थानकात पोचते, तेव्हा तिचे काही डबे महाराष्ट्रात असतात, काही गुजरातेत. एवढ्या जवळच्या मुलखांत हौशी नाटकांची नेमाने ये-जा नसावी, याची आम्हाला खंत वाटते. जळगाव आणि सुरत या दोन महापालिकांनी वर्षातले चार शनिवार-रविवार आपापले नाट्यगृह नाममात्र भाड्याने पलीकडच्या मंडळींना द्यावे. खानदेशच्या मुलांचे अहिराणी-मराठी नाटक तिकडे जावे, सुरतेचे पारशी प्रहसन इकडे यावे. पहिला पत्रव्यवहार जळगावकरांनी करावा. रंगभूमी दिन त्यांचा आहे.