बातमी गेल्यावर उरलेला कॅमेरा

पडद्यापलीकडे : घोडेगावकर

३० जुलै २०१४. दरडीखाली गेलेलं माळीण गाव जागेवर नाही, हे आधी लक्षात आलं ते एसटीच्या चालकाच्या. दीडशेवर माणसं चिखलाखाली गेली. मग काही दिवस आमचा अरुंद रस्ता चॅनेलवाल्यांच्या गाड्यांनी भरून गेला. ढिगारा उपसून झाला आणि गाड्या परतल्या. नंतर त्या माणसांनी काय सोसलं, ते बातमीत कुठून येणार?

अशा वेळी मला माहितीपटकार आनंद पटवर्धन आठवतात. ११ जुलै १९९७ ला घाटकोपरच्या रमाबाई नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा जण गेले. चार दिवसांनी शाहीर विलास घोगरे यांनी जीव दिला. १९८५ च्या ‘हमारा शहर’मध्ये पटवर्धनांनी त्यांचं गाणं टिपलं होतं. ओळखीचा गाणारा गेला, म्हणून ते कॅमेरा घेऊन गेले आणि चौदा वर्षं जात राहिले. कोर्टाच्या तारखा पडत राहिल्या, सरकारं बदलली, पुण्याच्या कबीर कला मंचाची नवी पोरं डफ घेऊन उभी राहिली. हे सगळं २०११ च्या ‘जय भीम कॉम्रेड’मध्ये आलं. तीन तासांहून मोठा माहितीपट, आणि तो वस्त्यांमध्ये पडदा बांधून दाखवला गेला.

आणीबाणीच्या आधीपासून हा माणूस असंच काम करतो आहे. त्यांच्या ‘राम के नाम’ या माहितीपटाला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, तरी दूरदर्शनवर यायला कोर्टाची पायरी चढावी लागली. पुरस्कारापेक्षा मला ती चौदा वर्षं मोठी वाटतात.

आपल्याकडे तेवढा वेळ नाही. ज्या आंबेगावावरून आमच्या तालुक्याचं नाव पडलं, ते गाव डिंभे धरणाच्या पाण्याखाली आहे. तिथून उठलेली माणसं आता थकली आहेत. कुणाचा उंबरा कुठे होता, भाताचं खाचर कुठलं, हे त्यांच्याच तोंडून ऐकायला हवं, आणि तेही आत्ताच.

तिकडे जुन्नरात, तमाशा कलावंत विठाबाईंच्या नारायणगावात, पाडव्याच्या सुमारास तमाशाच्या फडांच्या राहुट्या लागतात. गावोगावचे कारभारी जत्रेची सुपारी द्यायला येतात. मोबाईल घेऊन फिरणाऱ्या आपल्या पोरापोरींना माझं एवढंच सांगणं आहे : लावणीची दोन मिनिटं टिपून घरी जाऊ नका. फडाच्या ट्रकमध्ये बसा, हंगामभर सोबत राहा. हंगाम सरला, हिशेब झाला, राहुटी उतरली, की त्या बाया कुठे जातात, तिथवर जा.