पेढे, झेंडा आणि मसावि

हुबळी-धारवाड म्हटले की आपल्याला आठवतात ते बेंद्रे, गाणे आणि पेढा. गंगूबाई हनगल, मल्लिकार्जुन मन्सूर यांच्यावर भरपूर लिहून झाले आहे, आणि ते व्हायलाच हवे होते. मला मात्र आज धारवाडी पेढ्याच्या खोक्यावरून थेट शाळेतल्या मसाविकडे जायचे आहे. हसू नका!

मसावि म्हणजे महत्तम साधारण विभाजक. आपण सगळे तो शाळेत शिकलो, पेपरात गुण मिळवले आणि विसरून गेलो. आजही शाब्दिक उदाहरण समोर आले की मुले विचारतात, "सर, मसावि काढू की लसावि?" माझे भांडण या प्रश्नाशीच आहे. रीत येते, पण ती कशासाठी हे कळलेलेच नसते.

समजा, चवथीला धारवाडहून ८४ पेढे आले आणि घरात ६० नेवऱ्या आहेत. वाड्यावर पुड्या वाटायच्या. प्रत्येक पुडीत पेढे सारखे, नेवऱ्याही सारख्या, आणि मागे काही उरता कामा नये. जास्तीत जास्त किती पुड्या होतील? ८४ ला ६० ने भागा, उरले २४. ६० ला २४ ने भागा, उरले १२. २४ ला १२ ने भागा, बाकी शून्य. झाले! १२ पुड्या, प्रत्येकीत ७ पेढे आणि ५ नेवऱ्या. परस्परांना भागत जाण्याची ही रीत युक्लिडकडे आहे, आणि भास्कराचार्यांच्या ११५० सालच्या 'लीलावती'तही कुट्टकाच्या प्रकरणात आहे.

खरी गंमत पुढेच आहे. दुकानदाराने खूश होऊन एक पेढा जास्त घातला तर? ८५ आणि ६० यांचा मसावि ५. एका पेढ्याने बारा पुड्यांच्या पाच केल्या! आमच्याकडच्या बायका अशा वेळी कागद-पेन्सिल शोधत बसत नाहीत. जास्तीचा पेढा देवापुढे ठेवतात आणि ८४ वाटतात. मसावि हे नाव त्यांना ठाऊक नसेल, पण बाकी कुठे ठेवायची ते ठाऊक असते. वाटणीत भांडण लागते ते नेहमी बाकीवरूनच. घरे १३ असली तर मसावि हात वर करतो हे खरे, पण निदान ते पुड्या बांधण्याआधी कळते.

दुसरे उदाहरण खुद्द हुबळीतले. तिथल्या बेंगेरी भागात कर्नाटक खादी ग्रामोद्योग संयुक्त संघ ही १९५७ साली स्थापन झालेली संस्था आपला राष्ट्रध्वज तयार करते. ध्वजसंहितेत ध्वजाची नऊ मापे दिली आहेत. सर्वांत मोठे ६३०० × ४२०० मिलिमीटर, सर्वांत लहान १५० × १००. पहिल्या जोडीचा मसावि २१००, शेवटचीचा ५०. मसाविने लांबी-रुंदीला भागा, नऊच्या नऊ वेळा उत्तर ३ आणि २ येते. म्हणजे ध्वज केवढाही असो, मसाविएवढ्या बाजूचे बरोबर सहा चौरस त्यात बसतात, चिंधीसुद्धा उरत नाही. पंधरा ऑगस्टला झेंड्याला सलामी देणाऱ्या किती मुलांना हे कोणी दाखवले असेल?

गोव्यात आपण शाळेच्या माध्यमावरून खूप भांडलो. २०११ साली तर रस्त्यावर उतरलो. मी मराठी शाळांच्या बाजूचा आहे आणि राहणार. पण मातृभाषेतून शिकवायचे म्हणजे इंग्रजी पुस्तकातले उदाहरण मराठीत उतरवायचे, एवढेच का? मातृभाषेचे बळ हे की गणित आपल्या घरातल्या वस्तूंशी बोलू शकते. ते बळ आपण वापरत नसू, तर आपली बाजू आपणच लंगडी करतो आहोत.

म्हणून माझे शिक्षकांना एवढेच सांगणे आहे. निदान एका पेपरात "मसावि काढा" असे लिहू नका. लिहा, "सारखे वाटा, काही उरवू नका." आणि उरलेच, तर त्याचे काय करावे हेही मुलांना विचारा. उत्तरे वाचण्यासारखी असतील!