क्विंटल आणि डझन

इसापूरच्या कालव्यामुळे आमच्या अर्धापूर भागात केळी फुलली. एका वाणाचं तर नावच मुळी 'अर्धापुरी'. पण गाड्यावरच्या ६० रुपये डझनातले शेतकऱ्याला किती मिळाले, असं इथल्या सातवीतल्या पोराला विचारून बघा. गप्प बसेल. त्यात पोराचा दोष नाही. बाप विकतो क्विंटलने आणि गाडेवाला डझनाने!

शाळेत काय शिकवतात? ५ वह्या ६० रुपयांना, तर ८ वह्या कितीला? एकीचे १२, आठांचे ९६. झालं. वह्या सगळ्या सारख्याच असतात ना, म्हणून जमतं.

आपलं जुनं त्रैराशिक यापेक्षा सावध होतं. भास्कराचार्यांच्या लीलावतीत (इ. स. ११५०) ते आहे. प्रमाण, फल आणि इच्छा. फलाला इच्छेने गुणायचं, प्रमाणाने भागायचं. पण अट अशी की प्रमाण आणि इच्छा एकाच जातीची हवीत. मला विचाराल तर सगळी गंमत या अटीत आहे, आणि नेमकी तीच आपण पोरांना सांगत नाही. क्विंटल म्हणजे वजन, डझन म्हणजे नग. मध्ये तराजू आणल्याशिवाय गणित मांडताच येत नाही.

समजा, शेतात भाव १५०० रुपये क्विंटल आहे. मोठ्या केळ्यांचा डझन भरला १८०० ग्रॅम. १०० किलोला १५००, तर १.८ किलोला २७ रुपये. बारक्या केळ्यांचा डझन भरला १२०० ग्रॅम, त्याचे १८. गाड्यावर दोन्ही ६० लाच! म्हणजे गिऱ्हाइकाला किलो कधी सव्वातेहतीसच्या आसपास पडतो, कधी ५० ला. मधले सगळे पैसे व्यापारी खातो असं मी म्हणत नाही. भाडं आहे, पिकवणी आहे, नासाडी आहे. पण मधे किती आहेत ते दिसायला तर हवं?

पाकीटबंद मालावर ग्रॅमचा किंवा किलोचा भाव छापायचा नियम २०२२ पासून आला. केळ्याला कुठलं आलंय पाकीट! माझं म्हणणं सरळ आहे, केळी किलोनेच विकावीत. बंगळुरात विकतातच की. "सालीचं वजन होतं" म्हणे. मग मोसंबी काय सोलून मोजता?

तोवर इथल्या गुरुजींनी एक डझन केळी आणि एक तराजू वर्गात आणावा. आधी वजन, मग त्रैराशिक, मग केळी पोरांना वाटून टाकावीत.